पोरांना घेऊन अर्नाळ्याच्या बेटावर: नाशिककरांसाठी तिथीपासून शंखापर्यंत

पहिल्या खेपेला आम्ही पौर्णिमेच्या शनिवारी गेलो. शनिवार आहे आणि शाळेला सुट्टी आहे, एवढंच बघितलं होतं. अकराला होडीत बसलो तेव्हा पाणी काठाला टेकलेलं, पोरं खूश, मी खूश. संध्याकाळी साडेपाचला परतायला निघालो तर समुद्र गायब. होडी लांबवर, मध्ये नुसती ओली रेती नि चिखल. धाकटा तेव्हा चार वर्षांचा, तो कडेवर. एका हातात पिशवी, दुसऱ्या हाताला भाची लटकलेली. त्या चिखलात धाकट्याची एक सँडल जी रुतली ती अजून तिथेच असेल. होडीवाले दादा हात देत म्हणाले, "ताई, घरी कॅलेंडर नाय काय?"

कॅलेंडर होतं, फ्रिजच्या शेजारीच टांगलेलं. आम्ही त्यावर दूधवाल्याचे खाडे लिहितो.

त्यानंतर चार वेळा जाऊन आले. माझी दोन, भावाची दोन, एकदा शेजारणीचा एक. आता ओळखीतलं कुणी ना कुणी दर दिवाळीत फोन करून विचारतं, म्हणून सगळं एकदाच लिहून काढते.

अर्नाळाच का

नाशिकच्या माणसाला समुद्र म्हटलं की अलिबाग, नाहीतर थेट तारकर्ली सुचते. तारकर्लीच्या वाटेत पोरांची अर्धी सुट्टी गाडीत जाते. अर्नाळा पालघर जिल्ह्यात, वसई तालुक्यात, विरारच्या पश्चिमेला. किनाऱ्यावर गाव, समोर छोटं बेट, बेटावर जलदुर्ग आणि कोळी-मांगेल्यांची वस्ती. होडी काही मिनिटांत पलीकडे पोचते. लहान मुलांना हेच मानवतं. मधे पाणी असल्यामुळे आपण कुठेतरी लांब आलो असं त्यांना वाटतं, आणि आईबापांना मात्र अलीकडचा काठ डोळ्यांनी दिसत राहतो. बेट आटोपशीर आहे, गाड्यांची वर्दळ नाही. रस्ता ओलांडताना हात धर, असं दिवसभरात एकदाही म्हणावं लागत नाही.

दुसरं कारण खास आपलं. त्र्यंबकच्या डोंगरात गोदावरी उगम पावते आणि पूर्वेला १,४६५ किलोमीटर जाऊन बंगालच्या उपसागराला मिळते, हे पोरं शाळेत घोकतात. त्याच त्र्यंबकच्या डोंगररांगेतून वैतरणाही निघते, पण ती पश्चिमेची वाट धरते. वाटेत धरणांत अडून मुंबईला पाणी पाजते आणि उरलेली अर्नाळ्याच्या बाजूला समुद्राला मिळते. म्हणजे हे बेट आपल्याच डोंगरातल्या नदीच्या तोंडाशी आहे. त्यातून किल्ल्याच्या आत मंदिर कुणाचं, तर त्र्यंबकेश्वराचं. माझ्या भाचीला हे कळलं तेव्हा ती म्हणाली, "म्हणजे देव पण नदीबरोबर वाहत आला?" यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं.

आधी तिथी, मग रजा

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. हॉटेल, गाडी, कपडे हे नंतर निस्तरता येतं. चुकीची तिथी निस्तरता येत नाही.

समुद्राला दिवसातून दोनदा भरती येते नि दोनदा ओहोटी लागते. भरती आणि ओहोटी यांत साधारण सहा तासांचं अंतर, आणि भरतीची वेळ रोज पाऊण तासाच्या आसपास पुढे सरकते, कारण चंद्र रोज तेवढा उशिरा उगवतो. यावरून आपल्या किनाऱ्यावरचा जुना हिशेब असा: तिथीचा आकडा घ्या, त्याची पाऊणपट करा, तेवढे वाजता भरती. शुद्ध असो वा वद्य, हिशेब तोच. षष्ठी असेल तर सहाची पाऊणपट साडेचार. म्हणजे पहाटे साडेचारच्या सुमारास एक भरती आणि दुपारी साडेचारच्या सुमारास दुसरी. अष्टमीला सहा वाजता. पौर्णिमा-अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा येते, प्रत्यक्षात बाराच्या आगेमागे धरा. ओहोटी काढायची तर सहा तास पुढे किंवा मागे जा. आमचं पौर्णिमेचं गणित आता तुम्हीच करून बघा: दुपारी बाराला भरती, संध्याकाळी सहाला पूर्ण ओहोटी, आणि आम्ही साडेपाचला परत निघालेले. वर पौर्णिमेचं उधाण, म्हणजे पाणी चढतंही खूप आणि उतरतंही खूप.

हा हिशेब अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो. तारीख पक्की करायला तो पुरतो. त्या दिवशीची नेमकी वेळ मात्र होडीवाल्यालाच विचारायची किंवा भरतीचं छापील वेळापत्रक बघायचं.

पोरं बरोबर असतील तर षष्ठी ते नवमी हे चार दिवस धरा. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती असते, म्हणजे पाण्याचा चढउतार महिन्यातला सगळ्यात कमी आणि ओढही त्या मानाने मवाळ. दुसरा फायदा वेळेचा. सकाळी साडेआठला पाणी अजून बऱ्यापैकी काठाजवळ असतं, तेव्हा जायचं. अकरा-बाराला ओहोटी लागून किनारा उघडा पडतो, तेव्हा पोरांनी खेकडे-शिंपले बघायचे. दुपारनंतर पाणी परत चढायला लागतं, तेव्हा डुंबायचं. साडेचारला होडी पुन्हा काठाजवळ. दिवस आपणहून मांडून मिळतो.

दिवाळीच्या सुट्टीत हे फार छान जुळतं. भाऊबीज म्हणजे कार्तिक शुद्ध द्वितीया. ओवाळणी झाली, मामाकडचे लाडू संपले की चौथ्या दिवशी षष्ठी! शाळा बहुधा अजून उघडलेली नसते आणि दिवाळीची गर्दी ओसरलेली असते. नाताळच्या सुट्टीतही हवा उत्तम, पण ३१ डिसेंबरच्या आठवड्यात विरारकडच्या सगळ्या किनाऱ्यांवर एवढी गर्दी होते की पोरं सांभाळायची की दारुडे टाळायचे कळत नाही. मे महिन्यात जायचंच तर पहिल्या पंधरवड्यात जा, शेवटी शेवटी समुद्र खवळायला लागतो. जून ते सप्टेंबर नाव काढू नका.

निघण्याआधी नाशकातच करायच्या गोष्टी

पोरांना पोहता येत असेल तर बरंच, पण त्यावर विसंबू नका. सावरकर तलावात पन्नास मीटर मारणारा माझा मोठा पहिल्या लाटेला नाकातोंडात पाणी जाऊन रडत बाहेर आला. तलावाचं पाणी जागेवर असतं, समुद्राचं ढकलतं आणि ओढतं. तलावात एक गोष्ट मात्र घटवून घ्या: पाठीवर पडून हातपाय सैल सोडून तरंगत राहायचं, दोन मिनिटं, न घाबरता. समुद्रात उपयोगी पडली तर हीच पडते.

दुसरी गोष्ट मजेची. एका संध्याकाळी पोरांना गोदाघाटावर नारोशंकराच्या देवळात न्या आणि ती प्रसिद्ध घंटा दाखवा. घंटा पोर्तुगीज आहे, १७२१ सालची, आणि वसईच्या विजयाची खूण म्हणून ओळखली जाते. मराठ्यांनी अर्नाळा १७३७ मध्ये पोर्तुगीजांकडून घेतला, दोन वर्षांनी चिमाजी आप्पांनी वसई जिंकली. हे एवढंच सांगायचं, लेक्चर नको. मग किल्ल्याच्या दरवाजावर बाजीरावांचं नाव असलेला शिलालेख दिसला की पोरं स्वतःच दुवा जोडतात. आमच्याकडे "ती घंटा होडीतून आणली की बैलगाडीतून?" यावर त्र्यंबक ते जव्हार भांडण चाललं होतं.

रस्ता

स्वतःची गाडी असेल तर त्र्यंबक, मोखाडा, जव्हार, विक्रमगड, मनोर आणि मग मुंबई-अहमदाबाद महामार्गाने खाली विरार फाटा, विरार, आगाशी, अर्नाळा. साधारण पावणेदोनशे किलोमीटर, पोरांच्या थांब्यांसकट साडेपाच तास धरा. त्र्यंबकच्या पुढे घाट नि वळणं आहेत. ज्याला गाडी लागते त्याला पुढे बसवा, पोटभर मिसळ खाऊ घालून निघू नका, आल्याची वडी आणि दोन-चार जाड प्लॅस्टिकच्या पिशव्या हाताशी ठेवा. जव्हारला अर्धा तास पाय मोकळे करायचे. मनोरनंतर महामार्गावर वैतरणेचा पूल येतो, तो चुकवू नका. काचा खाली करून पोरांना सांगा, ही आपल्याकडची. त्यांनी त्र्यंबकला डोंगर पाहिलेला असतो, इथे नदी चांगलीच रुंद झालेली दिसते.

कसारा घाट, भिवंडी, घोडबंदरमार्गेही जाता येतं, पण घोडबंदरच्या कोंडीत अडकलेली चार पोरं मी एकदा सांभाळली आहेत. पुन्हा नाही.

रेल्वेने जायचं तर नाशिकरोडहून पंचवटी, दादरला उतरून पूल चढून पश्चिम रेल्वेच्या बाजूला, तिथून विरार लोकल. सकाळची सगळी गर्दी विरारहून मुंबईकडे येते, आपण उलट दिशेला असतो, त्यामुळे पोरांना खिडकीसुद्धा मिळते. विरार पश्चिमेहून अर्नाळ्याला बस आणि रिक्षा आहेत. सामान मात्र पाठीवरच्या पिशव्यांत हवं. चाकाची बॅग दादरच्या जिन्यावर शत्रू होते.

मुक्काम

मुक्काम अलीकडच्या काठावर करा, अर्नाळा, आगाशी, राजोडी या पट्ट्यात. बेट दिवसाला ठेवा. बेटावर लोकांची राहती घरं आहेत, त्यांच्या पहाटेपासून कामं सुरू होतात, आणि रात्री पोराला ताप आला तर मधे पाणी आहे. दोन रात्री पुरतात: पहिला दिवस पोचण्यात, दुसरा अख्खा बेटावर, तिसऱ्या दिवशी सकाळी किनाऱ्यावर थोडं खेळून परत. लहान पोरांना रोज नवं ठिकाण दाखवायचा हट्ट मोठ्यांचा असतो. त्यांना तोच खड्डा दुसऱ्या दिवशी परत खणायचा असतो.

खोली घेताना फोनवर तीनच प्रश्न विचारा. किनारा चालत किती मिनिटं? बाहेर अंग धुवायला नळ आहे का? रात्री गाणी किती वाजता बंद होतात? "सी फेसिंग" या शब्दाला भुलू नका. आम्हाला एकदा अशी खोली मिळाली होती. समुद्र दिसत होता, गच्चीवरच्या पाण्याच्या टाकीवर चढल्यावर. पोहण्याचा तलाव असलेला रिसॉर्ट मी मुद्दाम टाळते. तलाव दिसला की पोरं समुद्राकडे बघतच नाहीत, मग एवढा प्रवास कशाला?

पिशवीत काय

कपड्यांचा रंग आधी बघा. निळे, पांढरे, राखाडी कपडे पाण्यात हरवतात. पोराचं डोकं एका लाटेआड गेलं तरी दोन सेकंद आपल्याला ते सापडत नाही. भडक केशरी, पोपटी, गुलाबी टीशर्ट घ्या, चारही पोरांना एकच रंग. रस्त्यावरचे स्वस्तातले चालतील. पूर्ण बाह्यांचे असतील तर ऊनही कमी लागतं.

पायात मागे पट्टा असलेली सँडल किंवा जुने कॅनव्हासचे बूट हवेत. चप्पल पाण्यात सुटते, आणि खडकांवर कालवांची कवचं ब्लेडसारखी असतात. लाइफ जॅकेट पोरांच्या मापाचं घरूनच न्या. होडीत असली तरी मोठ्यांच्या मापाची असतात, लहान पोर त्यातून खाली निसटतं. घालून झाल्यावर खांद्याला धरून वर उचलून बघा, जॅकेट कानापर्यंत आलं तर ते मोठं आहे. हवा भरायची बदकं, टायरी, तराफे मात्र घरी ठेवा. वारा किनाऱ्याकडून वाहत असेल तर ते पोराला घेऊन आत जातात, आणि मोठा माणूस पोहून त्यांना गाठू शकत नाही.

पाणी माणशी दोन लिटर. नाशिक सहाशे मीटर उंचीवर, तिथल्या कोरड्या हवेत घाम लगेच वाळतो. इथे तो वाळत नाही, पोरं चिकचिकतात, चिडचिडतात आणि पाणी मागतच नाहीत. तासातासाला घोट घोट द्यावं लागतं. जलसंजीवनीची पाकिटं, लिंबू-मीठ-साखर, खोबरेल तेल, घामोळ्यांची पावडर, गळ्यात घालायची शिट्टी, सुती पंचे. एक रिकामी बादली नि दोन डाव. खेळण्यांचा संच विकत घेऊ नका, स्वयंपाकघरातला जुना डाव प्लॅस्टिकच्या फावड्यापेक्षा दसपट चालतो.

होडी

किनाऱ्यावर गेल्या गेल्या होडीत चढू नका. आधी दादांना विचारा: आज सुकती किती वाजता, शेवटची होडी किती वाजता, आणि परतताना कुठे उभं राहायचं? कोळी ओहोटीला सुकती म्हणतात. हा एक शब्द वापरलात की समोरचा माणूस तुमच्याशी वेगळं बोलतो. ही होडी मुळात बेटावरच्या माणसांची बस आहे. शाळेची पोरं, बाजाराच्या टोपल्या, गॅसचं सिलिंडर, सगळं त्यातूनच येतं-जातं. त्यामुळे आधी त्यांना जागा, मग आपण.

पाय ओले होणार हे धरून चाला. चढताना क्रम असा ठेवा: एक मोठा माणूस आधी वर, मग पोरं एकेक करून हातात, सामान त्यानंतर, दुसरा मोठा माणूस शेवटी. सामान आधी चढवलं की पोरं खाली पाण्यात ताटकळतात. बसल्यावर हात होडीच्या काठाबाहेर नाहीत आणि फोटोसाठी उभं राहणं नाही. होडी भरलेली वाटली तर पुढच्या फेरीला थांबा. "बसा हो, होतंय" म्हणाले तरी थांबा.

बेटावरचा दिवस

उतरल्यावर आधी किल्ला, ऊन चढायच्या आत. महादरवाजावर हत्ती नि वाघ कोरलेले आहेत. ते शोधायचं काम पोरांवर सोपवा. आत भाजीपाल्याची वाडी आहे, गोड्या पाण्याच्या विहिरी आहेत, अष्टकोनी बांधीव तळं आणि त्र्यंबकेश्वराचं देऊळ. चारी बाजूंनी खारं पाणी आणि मधे गोडी विहीर, हे कसं, असा प्रश्न पोरं विचारतातच. पावसाचं पाणी वाळूत मुरतं, गोडं पाणी खाऱ्यापेक्षा हलकं म्हणून वर राहतं. फार उपसलं तर खारं वर येतं. तटावर जायचं तर मोठ्याचा हात धरून, कडेला नाही. तळ्याच्या आणि विहिरीच्या काठाशी पोरं एकटी सोडायची नाहीत. किल्ल्याबाहेर एक सुटा गोल बुरूज उभा आहे, तो लांबून पाहिला तरी पुरे.

अकराच्या सुमारास पाणी उतरलं की किनाऱ्यावर या. आता काही करायचं नाही. खरंच काही करायचं नाही. पहिली वीस मिनिटं पोरं "आता काय करू" म्हणून मागे लागतात, मोबाइल मागतात. देऊ नका. स्वतः वाळूवर बसा. एकविसाव्या मिनिटाला कुणीतरी उकिडवं बसतं.

आमच्याकडे ती भाची होती. ओल्या वाळूवर मोहरीपासून हरभऱ्याएवढ्या गोळ्या मांडलेल्या, मधल्या एका भोकापासून चहूकडे किरणांसारख्या. तिला वाटलं कुणीतरी रांगोळी काढली. पाच मिनिटं हलायचं नाही म्हटल्यावर भोकातून नखाएवढा खेकडा बाहेर आला. वाळू दोन्ही नांग्यांनी तोंडात कोंबायचा, त्यातलं खाण्याजोगं काढून घ्यायचा, उरलेल्याची गोळी वळून पायामागे सारायचा. एक गोळी, एक पाऊल, पुन्हा गोळी. सावली पडली की सुळकन आत. पोरांनी त्याला "लाडूवाला" नाव ठेवलं आणि पाऊण तास पोटावर झोपून बघत राहिली. भरती आली की त्या सगळ्या गोळ्या पुसल्या जातात, दुसऱ्या दिवशी तो नव्याने वळायला बसतो. हे त्यांना कळलं तेव्हा धाकटा फार अस्वस्थ झाला होता.

वस्तीतून जाताना जपून. वाळत घातलेल्या जाळ्यांवर पाय द्यायचा नाही. बांबूंच्या वलांडीवर जोडीजोडीने टांगलेले बोंबील दिसतील. नाक दाबून "शी" म्हणणाऱ्या पोराला तिथेच समज द्या, तो कुणाच्या तरी महिन्याचा पगार वाळत असतो. मासे निवडणाऱ्या बायकांचे न विचारता फोटो काढू नका. विचारलंत तर शेजारी बसवून घेतात. एका मावशींनी माझ्या मोठ्याला जवळा, करंदी नि मांदेली ओळखायला शिकवली. घरी आल्यावर तो भाजीबाजारात रुबाबात फिरत होता.

जेवणाचं आधी सांगून ठेवा, होडीवाले दादाच कुणाचं तरी घर सुचवतात. तांदळाची भाकरी, ताजे तळलेले बोंबील, कालवण. पोरांना कालवणाआधी नुसते बोंबील द्या. ताज्या बोंबलाचा काटा मऊ असतो, तरी पहिल्यांदा खाणाऱ्याला मोठ्यांनी सोडवून द्यावं. शाकाहारी असाल तर डबा घरूनच न्यावा हे बरं. मेथीचे धपाटे, गूळ-शेंगदाणे, केळी. चटण्या-लोणच्यांनी तहान लागते. शौचालयाचीही सोय त्याच घरी आधी विचारून घ्या, ऐन वेळी पोराला घेऊन पळापळ होते. नेलेला कचरा आपल्या पिशवीतून परत.

दुपारी सावलीत दीड तास झोप. मोठ्यांनीसुद्धा.

पाण्यात

बेट आणि किनारा यांच्या मधल्या पाण्यात कधीही उतरायचं नाही. दिसायला शांत, पण नदीचं तोंड जवळ, भरती-ओहोटीचं पाणी त्या अरुंद जागेतून जातं, तळ कुठे खोल कुठे उथळ. डुंबायचं ते दादांनी किंवा वस्तीतल्या बायकांनी बोट दाखवलेल्या वाळूवरच, आणि पाणी चढत असताना. उतरतं पाणी सगळं आत ओढून नेतं.

लहान पोरांना गुडघ्यापर्यंत, मोठ्यांना कमरेपर्यंत. दोन पोरांमागे एक मोठा माणूस. त्याशिवाय एकजण काठावरचा राखणदार: गळ्यात शिट्टी, हातात मोबाइल नाही, गप्पा नाहीत, नजर पाण्यावर. वीस मिनिटांनी पाळी बदलायची आणि बदलताना तोंडाने बोलायचं, "आता तू." सगळेच बघताहेत असं वाटतं तेव्हा कुणीच बघत नसतं. बुडणारं पोर सिनेमासारखं ओरडत नाही. तोंड पाण्याच्या पातळीला असतं, हात खाली दाबत असतं, आवाज फुटत नाही. खेळणारं पोर गोंगाट करतं. एकदम शांत झालेलं पोर बघा.

ओढ लागली तर किनाऱ्याकडे झगडायचं नाही. पाठीवर तरंगायचं, हात वर करायचा, जमलं तर किनाऱ्याला समांतर सरकायचं. हे मोठ्यांनीही घोकून ठेवावं. पोरामागे उडी मारणारा बाप बऱ्याचदा दुसरा बुडणारा असतो. आधी दोर, रिकामा कॅन, काहीतरी तरंगणारं फेका.

वाळूतला खड्डा सगळ्यात बुटक्या पोराच्या गुडघ्यापेक्षा खोल नको. बाजूची वाळू ढासळली तर आतलं पोर दबतं, आणि वाळू हाताने उपसायला फार वेळ लागतो.

लागलं-खुपलं तर

जेलीफिश लागली तर ती जागा समुद्राच्याच पाण्याने धुवा, बाटलीतल्या गोड्या पाण्याने नाही, आणि चोळू नका. चिकटलेले धागे चिमट्याने काढा. वाळूवर मेलेली पडलेली जेलीफिशही डंख करते. पाकट किंवा शिंगाळा या माशांचा काटा टोचला तर पाय सोसवेल इतक्या गरम पाण्यात अर्धा-पाऊण तास ठेवा, कळ उतरते, मग डॉक्टर. उथळ पाण्यात पाय उचलून न टाकता घासत चाललं की वाळूत दडलेलं पाकट आधीच निघून जातं. साप मेल्यासारखा दिसला तरी काठीनेही हलवायचा नाही. कालवाने कापलं तर जखम वाहत्या स्वच्छ पाण्याने नीट धुवा, आत कवचाचा कण राहिला तर ती चिघळते.

धाप, तोंडाला सूज, गुंगी, सतत उलट्या दिसल्या किंवा पोर पाण्यात गुदमरून बाहेर आल्यावर खोकत राहिलं तर वाट न बघता होडी मागवा. रुग्णवाहिका १०८, कुठलीही मदत ११२, समुद्रातल्या बचावासाठी तटरक्षक दल १५५४. हे तिन्ही आकडे मोठ्या पोरांना पाठ असू द्या.

परतताना

साडेचारला होडी, पाचला अंघोळ, सहाला पोरं आडवी. दुसऱ्या दिवशी निघताना आगाशीच्या बाजूला सुकेळी मिळाली तर घ्या. राजेळी केळी उन्हात वाळवून करतात, चिवट नि गोड, घाटात चघळायला उत्तम.

शेवटचं शंखांबद्दल. पोरं खिसे भरून शंख गोळा करतात. निघायच्या आदल्या संध्याकाळी ते सगळे बादलीत ओल्या वाळूवर पसरून अर्धा तास नुसते बघत बसा, सकाळी पुन्हा एकदा. जो जागचा हलला तो परत किनाऱ्यावर. आम्हाला ही अक्कल नव्हती. पहिल्या खेपेला परतताना मोखाडा मागे पडल्यावर डॅशबोर्डवर ठेवलेला एक शंख चालायला लागला. चार पाय, दोन काड्यांवरचे डोळे. धाकटा म्हणाला, "गाडी वळव." समुद्र सव्वाशे किलोमीटर मागे राहिला होता. भावाने गाडी कडेला घेतली, बंद केली, आणि बराच वेळ कुणी काही बोललं नाही.